बियांचे दोन वाटे

मराठी भाषेने भोपळ्याला फारशा प्रेमाने वागवलेले नाही. परीक्षेत शून्य गुण मिळाले की भोपळा मिळाला म्हणायचे, कुणाची खोटी समजूत दूर झाली की भ्रमाचा भोपळा फुटला म्हणायचे, आणि दोघांचे हाडवैर असले की त्यांचे विळ्याभोपळ्याचे सख्य सांगायचे. लोककथेत तेवढा तो लेकीच्या घरून परतणाऱ्या म्हातारीला पोटात घेऊन वाघाच्या तावडीतून सुखरूप घरी नेतो. एरवी त्याच्या वाट्याला मान येत नाही. मग त्याच्या पोटातील बियांची काय कथा? भाजी चिरताना त्या गरासकट खरवडून काढल्या जातात आणि सालींबरोबर केरात जातात. ज्या घरांत त्या धुऊन, वाळवून, भाजून खातात, त्या घरांना लोक काटकसरी म्हणतात, आणि ते म्हणताना कौतुकापेक्षा कीवच अधिक असते. आमचे घर अशा घरांपैकी एक. आम्ही सहा भावंडे या बियांवर वाढलो, असे म्हटले तर अतिशयोक्ती होईल; पण शरद ऋतूतील आमच्या संध्याकाळी या बियांवाचून गेल्या नाहीत, एवढे मात्र खरे.

वसईच्या पश्चिम पट्ट्यात आमची वाडी होती. केळीच्या बागेच्या कडेला, विहिरीपलीकडच्या उकिरड्यावर, मृगाच्या पहिल्या पावसाबरोबर भोपळ्याचे बी टोचले जाई. या वेलाला लाड लागत नाहीत. खत आणि पाणी मिळाले की तो आपली वाट आपण शोधतो. आमचा वेल दर वर्षी गोठ्याच्या छपरावर चढे. श्रावणात त्याला पिवळीधमक फुले येत. त्यांतील लांब देठाची नरफुले आई पहाटे खुडून आणी व बेसनात घोळवून तळी. ज्या फुलाखाली इवलासा भोपळा धरलेला दिसे, त्याला मात्र कुणी बोट लावायचे नाही, अशी सक्त ताकीद असे. आश्विन लागला, पाऊस उघडला आणि ऊन तापू लागले की छपरावरचे भोपळे आपली चकाकी टाकत, देठ वाळून लाकडासारखा होई, आणि सालीत नख रुतेनासे होई. मग थोरला भाऊ वर चढून वीतभर देठ राखून एकेक भोपळा खाली देई.

काढलेला भोपळा लगेच कापायचा नाही, हा आजीचा दंडक होता. निदान तीन-चार आठवडे तो माळ्यावर पडून राहिला पाहिजे. तिचे म्हणणे असे की वेलावरून उतरल्यावरही भोपळा आतल्या आत बियांना दूध पाजत असतो. आम्ही तेव्हा हसत असू. पुढे वाचनात आले की पिकलेल्या फळात बिया काही आठवडे भरत राहतात व अधिक टपोऱ्या होतात, म्हणून बियाण्यासाठी ठेवलेला भोपळा असाच मुरू देतात. आजीने शब्द वेगळे वापरले होते, इतकेच.

बिया गरातून सोडवणे हे मुलांचे काम. भोपळ्याचा तो तंतुमय गर म्हणजे केशरी दोऱ्यांचा गुंता. बी दोन बोटांत धरावे तो ते माशासारखे निसटे. परातीत पाणी घेऊन त्यात सगळा गुंता कालवला की बिया वर येत व गर खाली बसे. पण बियांवरचा बुळबुळीत पापुद्रा पाण्याने जात नसे. त्यासाठी त्या रोवळीत घालून चुलीच्या राखेने चोळायच्या. आपल्याकडच्या तांबड्या भोपळ्याच्या बिया परदेशी भोपळ्यांसारख्या शुभ्र नसतात. मळकट पांढऱ्या, कडेला काळसर व किंचित खरखरीत अशा असतात. राखेने चोळल्यावर ती कड उठून दिसे, जणू कुणी प्रत्येक बीला दोऱ्याने शिवून दिले आहे. मग सूप भरून त्या अंगणात ठेवायच्या, आणि खारींवर पहारा करायचा.

इथवरचा प्रकार कोणत्याही काटकसरी घरातला. आमच्या घराचा विशेष यापुढे होता. धुतलेल्या बिया सुपात जाण्यापूर्वी आजी त्यांचे दोन वाटे करी. पाण्यावर तरंगणाऱ्या पोचट बिया आधी बाजूला निघत. उरलेल्यांतून सर्वांत जून व चांगल्या भोपळ्याच्या, पोट भरलेल्या, दोन्ही बाजूंनी सारख्या फुगीर अशा दहा बिया ती निवडून काढी. हाताच्या बोटांइतक्या, कमी नाही, जास्त नाही. त्या उन्हात नव्हे, पडवीत सावलीला सुकत आणि राखेत घोळून बाटलीत बंद होत. हा पेरणीचा वाटा. तो निघाल्याशिवाय चुलीवर कढई चढत नसे. खाणाऱ्याने आधी पेरणाऱ्याचा वाटा काढावा, एवढेच तिचे त्यावरचे भाष्य होते. आम्ही भुकेने हातघाईवर आलेले असू, आणि ती मात्र एकेक बी उजेडाकडे धरून पाहत बसलेली असे. आम्हांला तेव्हा तो वेळकाढूपणा वाटे.

खाण्याच्या वाट्याची व्यवस्था अशी. सुकलेल्या बिया रात्रभर मिठाच्या पाण्यात भिजत ठेवायच्या. म्हणजे मीठ नुसते सालीला न चिकटता आत उतरते. सकाळी निथळून फडक्यावर पसरायच्या. संध्याकाळचा स्वयंपाक उरकून चूल निवत आली, नुसते निखारे उरले, की लोखंडी कढई ठेवायची. आच मोठी असली तर साल करपते आणि आतला गर कच्चा राहतो. म्हणून भाजणे हे घाईचे काम नव्हे. कालथा सतत फिरता हवा. पहिल्यांदा नुसती वाफ निघते, ओल्या पेंढ्यासारखा वास येतो. ती ओल गेली की वास पालटतो, शेंगदाण्याच्या जवळ जातो, पण त्याहून सौम्य असतो. मग एखादे बी तडकते, पाठोपाठ दुसरे. आत कोंडलेल्या वाफेने साल शिवणीवर उकलते, त्याचा तो आवाज. चार-सहा बियांनी आवाज दिला की कढई उतरवायची. कारण लोखंड तापलेले असते, आणि उरलेले काम ते स्वतःच पुरे करते. आजी त्यावर दुसरे काही घालीत नसे. धाकटी काकी मात्र बॉटल मसाल्याची चिमूट टाकी, आणि आम्ही पोरे काकीच्या पक्षाचे होतो.

ऑक्टोबरच्या महिन्यात घरोघर जपमाळेची प्रार्थना होई. ती आटोपून शेजारपाजारची माणसे ओटीवर टेकली की कढई मध्ये येई. भोपळ्याचे बी उभे धरून पुढच्या दातांनी कडेवर हलकेच दाबावे लागते. साल उकलली की जिभेच्या टोकाने हिरवट गर ओढून घ्यायचा आणि टरफल हातात. मूठभर बिया संपायला तासभर सहज लागतो. पोट भरण्याच्या दृष्टीने हा व्यवहार तोट्याचाच. पण तेवढ्या वेळात कुणाची म्हैस व्याली, कुणाचे लग्न ठरले, कुणाच्या विहिरीचे पाणी खाली गेले, याची सारी देवघेव होई. हात व दात गुंतलेले असले की माणसे सबुरीने बोलतात, असे आम्ही पाहिले आहे. उठताना आई प्रत्येकीच्या हातावर भाजलेल्या बियांचा एक पुडा ठेवी. आणि कुणी मागितल्यास, पुष्कळदा न मागताही, दुसऱ्या एका कागदात चार कच्च्या बिया बांधून देई. त्या दुसऱ्या पुड्याकडे आमचे लक्ष नसे.

या बियांचे मोल काही आमच्या घराने ठरवले नाही. ते फार जुने आहे, आणि त्याचा माग काढला तर तो थेट समुद्रापलीकडे जातो. आपल्या लोककथेत जाऊन बसलेला हा तांबडा भोपळा मूळचा अमेरिका खंडातला. १४९२ नंतर जुन्या जगाची त्याच्याशी गाठ पडली. मेक्सिको देशातील ओहाका प्रांतात गिला नाकित्स नावाची एक गुहा आहे. तेथे १९६६ साली उत्खनन झाले. त्यात मिळालेल्या भोपळ्याच्या बियांचा ब्रूस स्मिथ या अमेरिकन पुरातत्त्वज्ञाने पुढे नव्याने अभ्यास केला व १९९७ साली निष्कर्ष प्रसिद्ध केले: त्यांतील काही बिया सुमारे १०,००० वर्षांपूर्वीच्या आहेत, आणि त्या रानटी भोपळ्याच्या बियांहून मोठ्या आहेत. म्हणजे तेव्हाच कुणीतरी निवडून, राखून, पेरून तो वेल माणसाळवला होता. मक्याची शेती तिथे यानंतर पुष्कळ काळाने आली.

यातील खरी गोष्ट पुढेच आहे. रानटी भोपळ्याचा गर कडूजहर असतो. माणसाला तो खाववत नाही. त्याच्या पोटात खाण्याजोगे असे एकच असते, ते म्हणजे बी. तेव्हा त्या पहिल्या लोकांनी भोपळा लावला तो बहुधा भाजीसाठी नव्हे, घारग्यांसाठी तर नव्हेच; बियांसाठी, आणि वाळल्यावर भांडे म्हणून वापरता येणाऱ्या कवचासाठी. गोड, जाड गराचे भोपळे ही पुढच्या पिढ्यांची कमाई. आज आपण गर ठेवतो आणि बी फेकतो. ज्याच्यासाठी हे फळ घरात आले, तेच केरात जाते. मेक्सिकोत मात्र पहिली ओळख कुणी विसरलेले नाही. तिथे भाजलेल्या बिया नुसत्या खातात, आणि त्या वाटून पिपियान नावाची दाट आमटीही करतात. आपण शेंगदाण्याचे कूट लावतो, त्याच जातीचा तो विचार.

आमच्या धाकट्या भावाचा मुलगा कॅनडात टोरांटोजवळ राहतो. आम्हा भावंडांपैकी तिघे २०१८ च्या ऑक्टोबरात त्याच्याकडे होतो. तिथे त्या महिन्यात झाडांची पाने तांबडीपिवळी होऊन गळू लागतात, आणि दुकानांपुढे भोपळ्यांच्या राशी लागतात. ते भोपळे बहुतेक खाण्याचे नसतातच. ३१ ऑक्टोबरला, सर्व संतांच्या सणाच्या पूर्वसंध्येला, ते पोखरून, डोळे-तोंड कोरून, आत दिवा लावून दाराशी ठेवायचे. हॅलोवीन या नावाचा अर्थच मुळी सर्व संतांची पूर्वसंध्या असा आहे. आयर्लंड व स्कॉटलंडमध्ये लोक पूर्वी यासाठी सलगम कोरीत. अमेरिकेत स्थलांतर केल्यावर त्यांना कोरायला सोपा असा हा भोपळा सापडला. पुतण्याच्या घरी भोपळा पोखरला गेला तेव्हा आमच्या मनात आले, आता हा सगळा गर केरात जाणार. पण त्याच्या शेजारीणबाईंनी सांगितले की कोरलेल्या भोपळ्याच्या बिया भाजणे हा त्यांच्याकडे पानगळीतला घरोघरचा खाऊच आहे. त्या बिया मिठाच्या पाण्यात दहा मिनिटे उकळतात, कोरड्या करतात, थोड्या तेलात घोळवतात, आणि ओव्हनमध्ये १६० ते १७० अंश सेल्सिअसवर वीस-पंचवीस मिनिटे, मधूनमधून हलवीत, भाजतात. कढई नाही, निखारे नाहीत. पण ओव्हनचे दार उघडले तेव्हा जो वास आला तो आमच्या ओटीवरचाच होता. मुले त्या टरफलासकटच चावून खात होती. बी कडेवर कसे उकलायचे हे आम्ही त्यांना दाखवले, आणि त्या संध्याकाळी दूरचित्रवाणी संच बराच वेळ बंद राहिला.

आता आपल्याकडेही शहरांतील दुकानांत सोललेल्या हिरव्या बियांची पाकिटे मिळतात. त्यांतील काही बियांना तर मुळात टरफलच नसते. ऑस्ट्रियाच्या श्टायरिया प्रांतात शंभराहून अधिक वर्षांपूर्वी भोपळ्याच्या एका वाणात असा नैसर्गिक बदल झाला, की बीवर कठीण सालीऐवजी पातळ पापुद्राच उरला. लोकांनी तो वाण जपला आणि त्यापासून गडद हिरवे तेल काढू लागले. आरोग्याची चिंता वाहणारी मंडळी या बिया मुद्दाम खातात, आणि ते योग्यच आहे. १०० ग्रॅम सोललेल्या बियांत सुमारे ३० ग्रॅम प्रथिने असतात, आणि ४९ ग्रॅमच्या आसपास स्निग्धांश. मॅग्नेशियम, जस्त व लोह हेही भरपूर. मांसमासळी रोज न परवडणाऱ्या घरात आठ तोंडे सांभाळणाऱ्या बाईला हे आकडे ठाऊक नव्हते. पोर आजारातून उठले की त्याच्या हातावर सोललेल्या बिया ठेवायच्या, एवढे ठाऊक होते. तिच्या काटकसरीची कीव करणाऱ्यांनी आज तीच गोष्ट पाकिटातून विकत घ्यावी, यात आम्हांला गंमत वाटते. राग मात्र येत नाही.

आता जे सांगायचे ते थोडे जड आहे. १९९० च्या दशकात आमच्या भागाचे रूप पालटले. विहिरींचे पाणी टँकरने उपसले जाऊ लागले, आणि जिथे गोडे पाणी होते तिथे ते हळूहळू मचूळ झाले. केळी पिवळी पडली. वडिलांच्या पश्चात वाडीचे वाटे झाले, आणि वाट्यांच्या इमारती झाल्या. यात कुणी कुणाला फसवले नाही. मुलांची शिक्षणे होती, आजारपणे होती. १९९७ च्या कार्तिकात गोठ्यावरचा शेवटचा भोपळा कापला गेला. आजी तेव्हा नव्हती. तिच्या जागी आई परात घेऊन बसली. सवयीप्रमाणे तिने दहा बिया निवडल्या, उजेडाकडे धरून पाहिल्या, आणि मग तिचा हात थांबला. पुढच्या मृगाला त्या टोचायला जमीन नव्हती. सगळ्याच बिया कढईत गेल्या असत्या तरी कुणी काही म्हणणार नव्हते. आई बराच वेळ तशीच बसली. मग उठली, त्या दहा बिया राखेत घोळल्या, बाटलीत भरल्या आणि फडताळात ठेवल्या. कढई नेहमीसारखीच चढली. बिया नेहमीसारख्याच खमंग झाल्या. खाताना कुणी फारसे बोलले नाही.

आई २०१२ साली गेली. तिची खोली आवरताना ती बाटली हाती लागली. पुढच्या मृगाला आम्ही इमारतीच्या गच्चीत एका पिंपात माती व शेणखत भरले, आणि त्या दहाही बिया टोचल्या. एकही उगवली नाही. बी काही सोने नव्हे, की फडताळात ठेवले आणि तसेच राहिले. भोपळ्याचे बी घरच्या बाटलीत चार वर्षे, फार तर सहा वर्षे जिवंत राहते. या बियांना पंधरा पावसाळे उलटले होते. बाहेरून त्या तशाच टपोऱ्या दिसत होत्या. कढईत न जाताही त्या भाजल्यासारख्याच झाल्या होत्या.

त्यानंतर दोन वर्षांनी बाजारात तुंगारेश्वराच्या पायथ्याच्या एका पाड्यावरून भाजी घेऊन येणाऱ्या बाईंकडे आम्हांला एक भोपळा दिसला. बसका, खोल फाकींचा, देठाशी हिरव्या रेघा असलेला. असे भोपळे आणखीही कुठे होत असतील. म्हणून आम्ही सहज चौकशी केली. बाई आमच्याकडे पाहून हसल्या. त्यांची आई आमच्या वाडीत केळीच्या कामाला येत असे. हे बी आमच्या आईने त्यांच्या आईला कागदात बांधून दिले होते. तेव्हापासून दर पावसाळ्यात त्यांच्या झोपडीवर तो वेल चढत होता. त्यांच्या पाड्यावर दुसऱ्या जातीचा तांबडा भोपळा कुणी लावीत नसे, म्हणून मधमाश्यांनी त्यात भेसळही केली नव्हती. ज्या दुसऱ्या पुड्याकडे आमचे कधी लक्ष गेले नव्हते, त्याने आमचे बी वाचवले होते.

तेव्हापासून आम्हांला आजीच्या दोन वाट्यांचा अर्थ थोडा अधिक कळतो. आमची समजूत अशी होती, की एक वाटा खायचा आणि एक वाटा जपायचा. वस्तुतः नुसते जपणे असे काही नसतेच. बी एक तर खाल्ले जाते, नाही तर पेरले जाते. दोन्ही झाले नाही तर ते मरते. आणि ज्याला पेरायला जमीन उरली नाही, त्याने ते ज्याच्याकडे जमीन आहे त्याला द्यावे, हीच त्याची पेरणी. नगर, म्हणजे आताच्या अहिल्यानगर जिल्ह्यातील कोंभाळणे गावच्या राहीबाई पोपेरे यांना गावठी बियाणे राखल्याबद्दल २०२० सालची पद्मश्री जाहीर झाली. त्यांचेही काम बी साठवून थांबत नाही. ते शेतकऱ्यांच्या हाती जाते आणि पुन्हा मातीत जाते. आजकाल बाजारात मिळणाऱ्या संकरित भोपळ्याच्या बिया भाजायला उत्तम असतात. पण त्या पेरल्या तर आईबापांसारखे फळ येईलच, असा भरवसा नसतो. त्यामुळे गावठी भोपळा कापताना त्याचे बी फेकायचे, की भाजायचे, की द्यायचे, हा प्रश्न वाटतो त्याहून मोठा आहे.

आम्ही भावंडे आता वेगवेगळ्या इमारतींत राहतो. कार्तिकात एकदा एकत्र जमतो, आणि त्या बाईंकडून आणलेला भोपळा कापतो. चूल नाही, म्हणून राखही नाही. बिया जाड मिठाने चोळून धुतो. गॅसवर मंद आच ठेवली तर पंधरा मिनिटांत लोखंडी कढईत त्या छान होतात. गार झाल्यावरच डब्यात भराव्यात, झाकण घट्ट असावे, आणि दोन-तीन आठवड्यांत संपवाव्यात. त्यांत तेल पुष्कळ असल्याने त्या लवकर खवट होतात. नातवंडांतील काही मसाल्याच्या पक्षाची आहेत, काही नुसत्या मिठाच्या. कढई चढण्यापूर्वी त्यांच्यापैकी सर्वांत धाकटा दहा बिया निवडतो. तो त्या उजेडाकडे धरून पाहतो, कारण आम्ही तसे करताना त्याने पाहिले आहे. त्या मात्र आम्ही आता बाटलीत भरीत नाही. पुडी बांधतो आणि त्याच आठवड्यात कुणाला तरी देतो: कुणाच्या माहेरी वाडी असते, कुणाचा मित्र जव्हारकडे शेती करतो, कुणाच्या शाळेला मागे चार हात जागा असते. देताना एकच अट घालतो. भोपळा धरला तर खुशाल खा, बिया भाजून त्याही खा. पण त्याआधी दहा बाजूला काढा, आणि पुढे द्या.